मराठी शाळेवर सिनेमा करायचाय? मग आधी शाळा आणि मूल वेगळं कर

प्रश्न थोडक्यात असा आहे: ऋषभ शेट्टीचा केरळातल्या कासरगोडच्या सरकारी शाळेवरचा 2018 चा कन्नड सिनेमा बघून एका बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरच्या पोराला वाटलं की आपल्या भागातल्या मराठी शाळेवर, गरीब पोरांच्या शिकण्याच्या धडपडीवर असाच एक सिनेमा करावा. पैसे फार नाहीत, गावातलीच पोरं घेणार. खरी शाळा कशी असते, काय दाखवायचं, काय टाळायचं, हे शाळेत काम केलेल्या कुणीतरी सांगावं म्हणतोय. मी टीसीएच, म्हणजे शिक्षकाचा कोर्स, करून नोकरीला लागले ती खानापूर तालुक्यातच राहिले, आधी सहशिक्षिका, मधे काही वर्षं सीआरपी, म्हणजे आसपासच्या शाळांवर देखरेख करणारी, शेवटी मुख्याध्यापिका म्हणून रिटायर झाले. तेव्हा सांगते, लांबण लागेल.

सिनेमा चांगला निवडलास. केरळात कन्नड माणूस अल्पसंख्य, त्याची शाळा बंद करायला टपलेला अधिकारी, कन्नडचा गंध नसलेला मास्तर, आणि मग कोर्टात शाळेची बाजू मांडणारा अनंत नाग. नॅशनल अवॉर्ड पण मिळालं त्याला, मुलांचा सिनेमा म्हणून. आपल्याकडं तेच आहे फक्त बाजू उलटी, तिथं कन्नड अल्पसंख्य आणि इथं आपण. त्यामुळं बेळगावात बसून तो सिनेमा बघताना मराठी माणसाला पण आपलंच काहीतरी चाललंय असं वाटतं, आणि तुला तेच वाटलं असणार. खरं त्यात, आणि शाळेवरच्या बहुतेक सगळ्या सिनेमांत, एक गोष्ट गृहीत धरलेली असते की शाळा वाचली म्हणजे पोरं वाचली. माझं सगळं म्हणणं इथंच आहे बघ. शाळा टिकणं ही एक गोष्ट आणि पोर शिकणं ही दुसरी, आणि पुष्कळदा या दोन्ही एकमेकींच्या विरोधात जातात. तुझा सिनेमा त्या विरोधातून निघाला तर तो आपल्या भागाचा होईल, नाहीतर झेंडावंदन, भावुक म्युझिक आणि शेवटी रिझल्टला टाळ्या.

म्हणजे काय ते सांगते. आरटीईच्या, म्हणजे शिक्षण हक्क कायद्याच्या, हिशोबानं पहिली ते पाचवीला 60 पोरांपर्यंत दोन शिक्षक, 61 झाली की तिसरा, 90 पर्यंत तीनच. पट खाली आला की एक जण जादा ठरतो, ऑफिसात त्याला कन्नडमधे हेच्चुवरी म्हणतात, आणि त्याची बदली होते. आता समज तुझ्या शाळेत पट अगदी काठावर आहे. पाचवीत एक पोरगी आहे, हुशार, घरात दोन वेळचं कसंबसं. बाईंना माहितीय की हिला मोरारजी देसाई निवासी शाळेत सहावीला घातलं तर दहावीपर्यंत राहणं खाणं पुस्तकं सगळं सरकारचं, किंवा केंद्राच्या नवोदय निवासी शाळेला लागली तर चिकोडीकडच्या कोथळीला जाईल, नाहीतर इथं ती सातवीनंतर घरी बसणार. बाई तिला शाळा सुटल्यावर थांबवून गणितं घालतात, प्रवेश परीक्षेचा फॉर्म स्वतःच्या मोबाइलवरून भरतात, जातीच्या दाखल्यासाठी नाडकचेरीला, म्हणजे महसूल ऑफिसला, बापाला घेऊन जातात. ती लागते. आणि तिच्याबरोबर अजून दोघं लागतात, कारण एकाला शिकवायला बसलं की बाकीची पण येऊन बसतात. पट घसरतो, तिसऱ्या शिक्षकाची पोस्ट जाते, आणि कदाचित तो शिक्षक म्हणजे बाईच असतात. गावची एसडीएमसीची, म्हणजे शाळा समितीची, माणसं म्हणतात, बाई, तुम्हीच शाळा रिकामी केली की ओ. यात कुणाचं चुकलं सांग. हे मी कल्पनेनं सांगत नाहीये, आपल्या पश्चिम भागात ज्यानं कुणी मनापासून शिकवलंय त्यानं हे थोड्याफार फरकानं भोगलंय. व्हिलन नाही, मारामारी नाही, तरी दोन तास माणूस खुर्चीत बसेल.

दुसरी जागा म्हणजे सातवी ते आठवी. यावर कुणीच सिनेमा करत नाही आणि मला तर वाटतं खरी गोष्ट तिथंच आहे. कायदा म्हणतो चौदा वर्षांपर्यंत, आठवीपर्यंत शिक्षण मोफत आणि सक्तीचं. आपली गावातली शाळा असते पाचवीपर्यंत नाहीतर सातवीपर्यंत, आठवी हायस्कूलला. म्हणजे सक्तीचं शेवटचं वर्ष गावाबाहेर. काही सातवीच्या शाळांना आठवी जोडली, खरं सगळ्यांना नाही. जंगलातल्या गावाला हायस्कूल म्हणजे जांबोटी, कणकुंबी, लोंढा असं कुठलंतरी मोठं गाव. भीमगड अभयारण्याच्या आतल्या वाड्यांना तर आधी डांबरी रस्त्यापर्यंत पायी यायचं, मग गाडीची वाट बघायची.

मे महिन्याच्या शेवटी शाळा उघडते आणि जूनच्या पहिल्या आठवड्यात आया दाखला न्यायला येतात. हे दृश्य तू नीट बघून ठेव. आई दारात चप्पल काढून आत येते, पदराचं टोक हातात, खुर्चीवर बस म्हटलं तरी उभीच. मी कॉम्प्युटरवर एसएटीएसमधे, म्हणजे राज्याच्या विद्यार्थी नोंदणीत, टीसी काढते, प्रिंट निघायला वेळ लागतो कारण लाईट गेलेली असते किंवा नेट गेलेलं असतं, तोवर ती भिंतीवरचे तक्ते बघत असते. कागद हातात दिला की ती घडी घालत नाही, तसाच धरते, मग ब्लाऊजपिसाच्या प्लास्टिक पिशवीत सरकवते, आणि विचारते, "बाई, हा घरात ठेवला तर चालतंय न्हवं?" म्हणजे हायस्कूलला नाही दिला तर. कागद पाहिजे, कधीतरी लागेल, रेशनला लागेल, लग्नाला वय दाखवायला लागेल. खरं आठवीला घालायचं अजून घरात ठरलेलं नाही, आणि बहुतेक वेळा ठरणार पण नाही, नुसतं राहून जाणार. कुणी "शिकवायचं नाही" असं म्हणत नाही. रोप लावणीचे दिवस असतात, धाकटं भावंडं सांभाळायला कुणी नसतं, "गणपती झाल्यावर बघू" म्हणतात, आणि गणपती झाल्यावर हायस्कूलचं पहिलं सत्र संपत आलेलं असतं.

सरकारी कागदावर हे पोर कुठं असतं माहितीय? आमच्या शाळेच्या पटावरनं गेलं, हायस्कूलनं घेतलं नाही, तर यूडायसच्या, म्हणजे देशभरातल्या शाळांच्या माहितीच्या, पोर्टलवर ते ड्रॉपबॉक्समधे पडून राहतं. कुठल्याच शाळेचं नाही. सीआरपी असताना त्या यादीतली नावं घेऊन मी घरोघरी फिरलेय. आपल्या राज्यात सलग सात दिवस कारणाशिवाय गैरहजर राहिलं की पोर शाळाबाह्य धरतात, आधी हे साठ दिवस होतं, हायकोर्टानं लक्ष घातल्यावर बदललं. नियम चांगलाय. खरं जे पोर कुठल्याच हजेरीपटावर नाही त्याचे सात दिवस मोजायचे कुणी?

बसचं पण दाखव. जून 2023 पासून शक्ती योजनेत बायका-मुलींना साध्या गाडीत तिकीट नाही, आणि हायस्कूलच्या मुलींना त्याचा खरोखर फायदा झालाय, मी बघितलंय, उगाच सरकारचं कौतुक म्हणून नाही सांगत. पण गर्दी इतकी वाढली की शाळेच्या वेळची गाडी भरली म्हणून स्टॉपला थांबतच नाही. आणि खेड्यात सगळं अवलंबून असतं वस्तीच्या गाडीवर. रात्री गावात मुक्कामाला येते, सकाळी पहिली सुटते. पावसात रस्ता खचला किंवा ओढ्याला पाणी आलं की वस्तीची गाडी बंद, आणि एका गावची आठवी-नववी-दहावी एकदम गैरहजर. 2006-07 ला आठवीतल्या पोरांना सरकारी सायकल मिळायला लागली तेव्हा नुसत्या सायकलीसाठी आठवीला नाव घातलेली पोरं मला माहीत आहेत, आणि त्यातली काही त्यामुळं दहावी झाली. ती योजना कोविडच्या सुमारास बंद पडली. तुला प्रॉप पाहिजे असेल तर अशी एखादी जुनी सरकारी सायकल घे, कॅरियरला भाताचं पोतं बांधलेली, बाप वापरतो ती.

आता गरिबी कशी दाखवायची. फाटका शर्ट आणि अनवाणी पाय दाखवलेस तर आमच्याकडची माणसं हसतील, कारण युनिफॉर्म मिळतो, बूट-सॉक्स मिळतात, सकाळी दूध असतं, दुपारी अक्षरदासोह योजनेचं जेवण असतं, 2024 पासून अंडी पण आठवड्यात सहा दिवस झाली, जे खात नाहीत त्यांना केळं. शाळेत असेपर्यंत पोर बऱ्यापैकी दिसतं. गरिबी दिसते हजेरीपटावर. जुलैत रोप लावणीला गैरहजर, सुगीला गैरहजर, काजूच्या दिवसांत गैरहजर, वीटभट्टी सुरू झाली की एकदम तीन भावंडं गैरहजर. एकदा हजेरीपट वाचता यायला लागला की घरात काय चाललंय ते घरी न जाता कळतं.

आणि गोवा. आपल्या खानापूरच्या पश्चिमेकडच्या किती घरातली माणसं गोव्यात कामाला आहेत ते तुला सांगायला नको. आईबाप तिकडं, पोर आजीकडं. गणपतीला सगळे येतात आणि त्या चार दिवसांत ठरतं की पोराला बरोबर न्यायचं की इथंच ठेवायचं. तिथं नेलं तर शाळेत घालतीलच असं नाही, भाड्याची खोली, दोघं दिवसभर कामावर. म्हणून खरं सांगायचं तर आजीची तब्येत बरी तर शाळा चालू. आजीनं अंथरूण धरलं की पोराची शाळा संपली, कारण त्याला कोण करून घालणार, आणि पोरगी असेल तर आजीचं पण तिलाच करावं लागणार. मला अजून आठवतं, एक पाचवीतला पोरगा चार दिवस आला नाही म्हणून मी घरी गेले, हाक मारली, "काय करूलालास रे घरात?" तर आतनं आला हात पिठाचे घेऊन. आजीला भाकरी करून घालत होता. गोल झाली नव्हती, खरं फुगली होती. त्यानं मलाच विचारलं, बाई जेवून जाता काय. याच्यावर गाणं वगैरे टाकू नकोस बाबा, नुसतं दाखव.

वर्गात काय दाखवायचं? पहिली ते तिसरी एकत्र बसतात, नलीकली म्हणजे हसत-खेळत शिकायची पद्धत, भिंतीवर शिकण्याच्या पायऱ्यांची शिडी काढलेली, पोरं गटागटानं खाली बसलेली, कार्डं घेऊन. मैसूरच्या हेग्गडदेवनकोटे भागात 1995 ला सुरू झालेली पद्धत, 2009 नंतर राज्यभर आली. बाहेरची लोकं टीका करतात की तीन वर्ग एकत्र कसे, माझ्या मते एक शिक्षक असलेल्या शाळेत याच्याएवढी कामाची पद्धत दुसरी आली नाही, पण कार्डं वेळेवर मराठीत पाहिजेत. आवाजाचं एक ध्यानात ठेव: पश्चिम भागात पाऊस धरला की पत्र्यावर तो असा बडवतो की वर्गात बोललेलं काही ऐकू येत नाही. बाई बोलणं बंद करून फळ्यावर लिहितात, पोरं ओठ बघतात. साऊंडवाल्याला आधीच सांगून ठेव, नाहीतर तो म्हणेल नंतर स्टुडिओत डबिंग करू. करू नका. तो आवाजच शाळा आहे तिकडची, आणि अशा दिवशी पोरं जी शांत बसतात तशी एरवी कधी बसत नाहीत.

अधिकाऱ्याला व्हिलन करू नकोस ही विनंती. कन्नड शिक्षक मराठी शाळेत येतो, त्याला मराठी येत नाही, हे होतं. खरं त्याच्यावर विनोद करणं सोपं आहे, आणि कासरगोडच्या सिनेमात तो झालेला आहे. आपल्याकडं काय होतं, तो शिक्षक दोन-तीन महिन्यांत पोरांकडनंच मराठी उचलतो, पोरं त्याच्याकडनं कन्नड उचलतात, आणि बाजाराला गेल्यावर ती कन्नड त्यांना उपयोगी पडते. त्रास वेगळ्याच ठिकाणी आहे. ट्रेनिंग कन्नडमधे, सर्क्युलर कन्नडमधे, मराठी पुस्तकं उशिरा, मराठी शिक्षकांच्या जागा वर्षानुवर्षं रिकाम्या, आणि त्या जागी दहा-बारा हजारांवर अतिथी शिक्षक, ज्याचं मानधन कधी येईल ते त्याला पण माहीत नसतं आणि जूनमधे परत बोलावतील का ते पण माहीत नसतं. तुला हिरो पाहिजेच असेल तर तो अतिथी शिक्षक घे. डीएड झालेली तरुण मुलगी, स्वतःच्या लग्नाची बोलणी चाललेली, शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर काजूच्या कारखान्यात जाते.

सीमाप्रश्न. तो नाही दाखवला तर सिनेमा खोटा, आणि नुसता तोच दाखवला तर पोर हरवलं. 1956 ला आपण इकडं कर्नाटकात आलो, 1967 ला सीमाप्रश्नावरचा महाजन अहवाल, 2004 पासून सुप्रीम कोर्टात, हे घरात रोज बोललं जातं पण पोराच्या डोक्यात ते वेगळ्या रूपात असतं. एक नोव्हेंबरचा दिवस घे. सकाळी पोर शाळेत कर्नाटक राज्योत्सवाच्या झेंड्याला उभं, गोड वाटलेलं खातं, आणि त्याच सकाळी त्याचा काका काळा दिवस पाळायला काळी फीत लावून बेळगावला मूक फेरीला गेलेला. दोन्ही एकाच घरात, भांडण न होता. डायलॉग लिहायची गरज नाही. भाषण मात्र घालू नकोस, भाषणं आपल्याकडं भरपूर झाली.

आणि इंग्लिश मीडियमच्या व्हॅनला शिव्या घालू नकोस. सकाळी गावात मारुती ओम्नी येते, टाय लावलेली पोरं कोंबून नेते, आणि मराठी शाळेचा पट त्या व्हॅननं खाल्लाय हे खरंच आहे. पण आईबाप मूर्ख नाहीत. त्यांना वाटतं गोव्यात हॉटेलात भांडी घासण्यापेक्षा रिसेप्शनवर उभं राहायला इंग्लिश लागतं. आम्ही शिक्षक त्यांना "मातृभाषेत घाला" सांगत फिरायचो, आणि आमच्यातल्या कितीजणांची पोरं कुठं होती ते गावाला माहीत होतं. एक आई मला दारातच म्हणाली होती, "तुमच्या पोरीला कुठं घातलीय ओ?" असा एक प्रश्न सिनेमात टाकलास तर सगळे शिक्षक प्रेक्षक गप्प होतील.

शाळा जोडायचा विषय आता परत निघालाय, लहान लहान शाळा एका मोठ्या सरकारी पब्लिक स्कूलला जोडायच्या. गावात कुणी ऐकून घेत नाही, आणि जंगलातल्या वाडीसाठी ते बरोबरच आहे, पहिलीचं पोर अस्वलाच्या वाटेनं तीन किलोमीटर कसं जाणार. पण डांबरी रस्त्यावरच्या गावात, जिथं शाळेत सात पोरं आणि चार इयत्ता आहेत, तिथं मला नाही वाटत शाळा टिकलीच पाहिजे. गाडी द्या आणि मोठ्या शाळेत न्या, पोराला बरोबरीचं पोर पाहिजे खेळायला, भांडायला, कॉपी करायला. माझं हे म्हणणं आमच्या माणसांना आवडत नाही.

रिझल्टचा सीन टाळ. एसएसएलसीत, म्हणजे दहावीच्या बोर्डाला, 625 पैकी एवढे, पेपरात फोटो, पेढे. आमच्या भागात दहावी पास झालेल्यांपेक्षा आठवीला न पोचलेल्यांची गोष्ट मोठी आहे, आणि त्यांचा फोटो कुठंच येत नाही.

शूटिंगचं थोडक्यात. गावातली पोरं घेतोयस तर बालकामगार कायद्याचे 2017 चे नियम वाच: जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांच्या वर विश्रांतीशिवाय नाही, सलग 27 दिवसांपेक्षा जास्त नाही, पाच पोरांमागं एक जबाबदार माणूस सेटवर, आणि पोराच्या कमाईतले निदान 20 टक्के त्याच्या नावावर बँकेत फिक्स ठेवायचे. छोट्या बजेटवाले याला फाटा देतात, तू देऊ नकोस, गरीब पोरांवर सिनेमा आणि त्यांचीच शाळा बुडवून, हे शोभत नाही. शाळेत कॅमेरा लावायला बीईओ, म्हणजे गटशिक्षणाधिकारी, ऑफिसला लेखी अर्ज दे, कन्नडमधे दे, लवकर हलतो. भीमगडच्या हद्दीत वनखात्याची परवानगी वेगळी, ड्रोन तर विचारूच नकोस. मार्च-एप्रिलमधे येऊ नकोस, परीक्षा असतात, आणि दहा एप्रिलच्या आसपास सुट्टी लागली की निम्मी पोरं गोव्याला गेलेली असतात. दसऱ्याच्या सुट्टीत शाळा मोकळी मिळेल, पण पाऊस ओसरलेला असतो आणि तुला पाऊस पाहिजे. जूनचे पहिले दोन आठवडे कॅमेरा न घेता नुसतं ऑफिसच्या कोपऱ्यात बसून राहा, दाखला न्यायला कोण येतं कोण येत नाही ते बघ, मग लिही. पहिला ड्राफ्ट झाला की आठवीच्या नावनोंदणीचा भाग मला आधी पाठव, त्यात कागद कुठले, सही कुणाची आणि आईला किती हेलपाटे पडतात ते तपासून देते.